चार बाय दोन, वजा रंधा

बाल्कनीतल्या बाकड्यासाठी पाइनचे चार बाय दोनचे चार तुकडे आणले, शेजारी शेजारी मांडले, आणि रुंदी भरली १४ इंच. गादी १६ इंचांची शिवून तयार! टेप उलटसुलट लावून पाहिली. एकेक तुकडा साडेतीन बाय दीड. बिलावर मात्र ठसठशीत 'चार बाय दोन'.

एक तुकडा बगलेत मारून ठाण्यातल्या त्या वखारीत परत गेलो. शेठ फोनवर. त्यांनी नुसतं एक बोट वर केलं. उत्तर आलं ते शेजारच्या स्टुलावर कटिंग पीत बसलेल्या काकांकडून. त्यांचा वखारीशी संबंध इतकाच, की सोसायटीच्या खतासाठी ते भुसा न्यायला आले होते. फुकट.

काकांनी तुकडा माझ्याकडून काढून घेतला, एक डोळा मिटून कड न्याहाळली. "फर्स्टक्लास आहे की! तक्रार काय?"

"चार सांगून साडेतीन दिलंय."

"मग? करवतीखालून निघताना चारच होतं. वाळताना आखडलं, वर चारही बाजूंनी रंधा. तुम्हाला गुळगुळीतही हवं आणि चार इंचही हवं?"

"लांबी बरी सहा फूट पूर्ण भरली!"

"लाकूड लांबीत आखडत नाही हो, आडवं आखडतं." काका आता खुलले. "अमेरिकेतही हेच. मुलीकडे टेक्ससला गॅरेजच्या भिंतीतल्या लाकडाला मी स्वतः टेप लावलीय. टू बाय फोर म्हणतात, भरतं दीड बाय साडेतीन. जावई बघतच राहिला."

जावयाची मला दया आली.

मी हिशोब मांडला. पैसे आठ चौरस इंचांचे, हातात सव्वापाच. तिसरा हिस्सा गायब. अमेरिकेत निदान दीड आणि साडेतीन हे आकडे मानकात छापलेले आहेत. इथे बिल करवतीच्या मापाने, माल रंध्याच्या मापाने. आणि विचारल्याशिवाय कोणी बोलणार नाही. विचारायचं असतं हे तरी गिऱ्हाइकाला कोणी सांगितलंय?

"फ्लॅट कुठे तुमचा?" काकांनी मध्येच विचारलं.

"घोडबंदर रोडला."

"रेराच्या आधीचा?"

मी गप्प.

"म्हणजे सुपर बिल्टअप! तेव्हा लावली होती का टेप?"

फोन कानाला असूनही शेठ हसले. लागलं मला ते. अहो, तिथे निदान जिना, लिफ्ट, लॉबी माझ्या हिश्शात धरली होती. लिफ्ट चालू असेल त्या दिवशी मी तिने जातोसुद्धा. इथे माझा अर्धा-अर्धा इंच कुठे आहे?

शेठनी एकदाचा फोन ठेवला. "साहेब, पुढच्या टायमाला 'फिनिश चार बाय दोन' बोला. पाच बाय अडीचमधून काढून देतो."

"आणि पैसे?"

"पाच बाय अडीचचे."

मग त्यांनी पोऱ्याला हाक मारली. पोऱ्याने रंधा मशीनखालचा ढीग फावड्याने पोत्यात भरला. पिवळसर, ताज्या पाइनच्या वासाचा, गळ्यापर्यंत. काकांनी सुतळीने तोंड बांधलं, पोतं उचलून पाहिलं आणि माझ्याकडे वळले.

"जरा एक बाजू धरता? रिक्षापर्यंतच."