स्नोने वर्तुळ काढलं नव्हतं

नकाशांवरून आरोग्यसेवेची पोहोच तपासण्याबद्दलचा एक लेख वाचला. त्यात लंडनचा डॉक्टर जॉन स्नो याने कॉलऱ्याचे मृत्यू दाखवण्यासाठी काढलेल्या १८५४च्या नकाशाचा दाखला आहे आणि लगेच पुढे म्हटलंय की दवाखान्याभोवती ५ किमीचं वर्तुळ काढलं की सेवेपासून वंचित वस्त्या कळतात. इथेच मला अडलं. स्नोने नंतर सुधारलेल्या नकाशात, ज्या पंपाच्या पाण्यातून साथ पसरली त्या ब्रॉड स्ट्रीटच्या पंपाभोवती जी तुटक रेषा आखली, ती गल्ल्यांतून चालत जायचं अंतर मोजून. लोकांना पाणी आणायला कुठला पंप जवळचा पडतो, हा त्याचा प्रश्न होता. शेजारच्या वर्कहाउसमध्ये (गरिबांना ठेवून काम देणाऱ्या संस्थेत) मृत्यू अगदी थोडे झाले, कारण तिथे स्वतःची विहीर होती. हेही कुठल्या वर्तुळात दिसलं नसतं.

कोयनेच्या शिवसागर जलाशयाकाठी, तापोळ्याच्या बाजूला सर्वेक्षण करताना मी स्वतः ही चूक केली आहे. आमच्या नकाशावर पलीकडच्या काठावरची गावं वर्तुळात आरामात बसली होती. मग एका अंगणात बायकांना रांगोळीने गावाचा नकाशा काढायला सांगितलं. त्यांनी दवाखाना पार कडेला, तुळशीवृंदावनाजवळ नेऊन ठेवला! मधे पाणी, लाँचच्या वेळा, पावसाळ्यात ती बंद पडण्याची भीती. "दिवस मावळल्यावर दवाखाना नाहीच म्हणा," असं एक आजी म्हणाल्या. जीआयएसमध्ये (संगणकावरच्या नकाशा-प्रणालीत) रस्ते आणि लाँचचं वेळापत्रक घालून प्रवासाचा वेळ काढता येतो, ती सोय आहेच. पण ती रांगोळीसुद्धा विदाच (डेटाच) आहे, आणि लेखात तिच्यासाठी एक ओळही नाही.