थेल्मा रिटर आणि उपेक्षित?

हॉलिवूडची जुनी अभिनेत्री थेल्मा रिटर हिच्यावरचा एक लेख वाचला; त्यात तिला 'उपेक्षित' म्हटलंय, ते पटलं नाही. सहायक अभिनेत्री म्हणून ऑस्करची सहा नामांकनं आणि बाहुली एकदाही हाती नाही, हे खरं. पण 1947 मध्ये, पंचेचाळिशीत, श्रेयनामावलीत नावही नसलेल्या भूमिकेतून सिनेमात आलेली ही बाई तीनच वर्षांत 'ऑल अबाउट ईव्ह'मध्ये बेटी डेव्हिससारख्या बड्या नायिकेला फटकळ उत्तरं देत होती!

तिला बघायचंच तर 1953 चा 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट' बघा. त्यात ती आहे टाय विकणारी, पोलिसांना खबर पुरवणारी मो. पै-पै साठवतेय ती स्वतःला नीट पुरलं जावं म्हणून. मारेकरी खोलीत येतो तेव्हा ती घाबरलेली नाही, नुसती दमलेली दिसते. दिवसभर पायपीट करून आलेल्या बाईसारखी. त्यानंतर नायक-नायिकेत माझं तरी लक्ष लागलं नाही.

टीव्हीचं मात्र लेखात निसटलंच. 'द केटर्ड अफेअर' 1955 मध्ये आधी टीव्हीवर झालं, त्यात आईची मध्यवर्ती भूमिका हिचीच. पुढच्या वर्षी त्याचा सिनेमा निघाला आणि ती भूमिका गेली कुणाकडे? बेटी डेव्हिसकडे.