मांडूक्यात तेरावा मंत्र नाही

माझी मावशी फोंड्याजवळ राहते. वय ७१, रक्तदाबाची गोळी १४ वर्षं चालू. गेल्या रविवारी तिच्याकडे गेलो तेव्हा ती कानांत इअरफोन घालून, डोळे मिटून बसली होती आणि गोळ्यांची पाकिटं फ्रीजवर जशीच्या तशी पडली होती. ११ दिवस एकही गोळी पोटात गेली नव्हती. तसंच उठवून डॉक्टरांकडे नेलं. दाब १८६/११० निघाला. का गं असं केलंस म्हणून विचारलं, तर तिने फोन पुढे केला. भजनाच्या ग्रुपवर आलेला मेसेज होता. तोच मला त्या आठवड्यात आणखी तिघांनी पाठवला आहे, तेव्हा आता गप्प बसवत नाही.

मेसेजचा सारांश असा: सृष्टी एका आदिनादातून जन्मली आणि आजही तोच नाद वास्तवाला आकार देतो. मांडूक्य उपनिषदाच्या तेराव्या मंत्रात भविष्य सांगितलंय की कलियुगात तो नाद लोपेल आणि येत्या महाशिवरात्रीच्या पहाटे पुन्हा उमटेल. त्याचं चित्र आपल्या गोव्यातल्या उसगाळीमळच्या कातळावर कोरलेलं आहे. नासाने सूर्याचा ॐकार टिपला आहे. तेव्हा सोबतची ४० मिनिटांची ऑडिओ रोज इअरफोन लावून पूर्ण आवाजात ऐका, रोग जातील. आणि शेवटी: ‘या काळात गोळ्या घेऊ नका, औषधाने नाद अडतो.’

या शेवटच्या वाक्यापासूनच सुरुवात करतो, कारण बाकी सगळं खोटं निघालं तर फार तर वेळ वाया जातो, या वाक्याने माणूस जातो. रक्तदाब वाढलेला बहुतेकांना कळतच नाही. डोकं दुखत नाही, चक्कर येत नाही, आणि एक दिवस अर्धांगाचा झटका येतो. त्यात काही गोळ्या अशा असतात की त्या एकदम सोडल्या तर दाब पूर्वीपेक्षाही वर उसळतो. डॉक्टरांना न विचारता गोळी बंद करायला सांगणारा मेसेज ज्याने लिहिला, त्याने मावशीसारख्या किती जणांना या धोक्यात ढकललं असेल! आणि ज्यांनी तो ‘ॐ’ लिहून पुढे पाठवला त्यांचा मला तेवढाच राग आहे. ती माणसं तिला ओळखतात. तिला दाब आहे हेही त्यांना ठाऊक आहे.

आता यातला अर्धा खरा भाग. जपाने शरीरावर परिणाम होतो, हे मला मान्य करावंच लागेल. इटलीतल्या संशोधकांचा एक अभ्यास २००१ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये आला. २३ निरोगी माणसांना त्यांनी एकदा योगातला मंत्र म्हणायला लावला आणि एकदा लॅटिनमधून रोझरीची, म्हणजे ख्रिस्ती जपमाळेची, प्रार्थना. दोन्ही वेळा श्वास मिनिटाला सहाच्या आसपास आला आणि रक्तदाब सावरणारी शरीराची यंत्रणा अधिक तत्पर झाली. दोन्ही वेळा! म्हणजे मावशीच्या अंगणापलीकडे रोज संध्याकाळी तेर्स, म्हणजे हीच रोझरी, चालतो, त्यातूनही तेच मिळतं. गुण संथ, लांब श्वासाचा आहे. तो श्वास म्हणणाऱ्याने स्वतः घ्यावा लागतो; इअरफोनमधून तो मिळत नाही. आणि गोळी बंद करा असं त्या अभ्यासात कुठेही नाही.

पूर्ण आवाजाचं म्हणाल तर जागतिक आरोग्य संघटनेचा हिशेब साधा आहे: ८० डेसिबलला आठवड्याला ४० तास चालतात, ९० डेसिबलला फक्त ४. फोन पूर्ण आवाजात ठेवला की सहसा त्याच्याही वर जातो. कानातल्या नाजूक केसपेशी एकदा मेल्या की परत येत नाहीत. मावशीला आधीच कमी ऐकू येतं.

आता तेरावा मंत्र. मांडूक्याचे मंत्र १२ आहेत. कोणतीही प्रत उघडा, मोजा. पहिल्याच मंत्रात म्हटलंय की जे झालं, जे आहे, जे होणार आहे ते सगळं ॐकारच, आणि तिन्ही काळांपलीकडचंही तोच. जे तिन्ही काळांत आहे ते लोपणार कसं आणि महाशिवरात्रीच्या पहाटे परतणार कसं? पुढे अ, उ, म या मात्रा सांगून झाल्यावर ॐचा चौथा पाद, म्हणजे चौथा भाग, ‘अमात्र’ म्हटला आहे, जिथे ध्वनीच उरत नाही. तेराव्या शतकात देवगिरीला शार्ङ्गदेवाने संगीतरत्नाकर लिहिला, त्यात नादाचे आहत (आघाताने निघणारा) आणि अनाहत (आघाताशिवायचा) असे दोन भेद आहेत. इअरफोनच्या पडद्याने हवा हलवून काढलेला आवाज आहतच. त्याला आदिनाद म्हणणं हा आपल्याच परंपरेचा अपमान आहे, आणि तो धर्माच्या नावाने चाललाय याचं मला दुःख होतं.

उसगाळीमळला मी गेलोय. रिवणजवळ कुशावतीच्या काठी जांभ्या दगडावर बैल आहेत, हरणं आहेत, नाचणारी बाई आहे आणि गोल वळणांचा चक्रव्यूह आहे. कोरणाऱ्यांनी अर्थ सांगणारी एक ओळही मागे ठेवलेली नाही. तशी चक्रव्यूहाची आकृती क्रीट बेटावरच्या प्राचीन नाण्यांवरही आहे. तिला नादाचं चित्र म्हणायला आधार काय? आवाजाने वाळूत नक्षी उमटते म्हणून? ती उमटते, खरंच. जर्मनीतल्या क्लाडनी या शास्त्रज्ञाने वाळू पसरलेला पत्रा कंपवून ते दाखवलं आणि १७८७ मध्ये प्रसिद्ध केलं. चतुर्थीला आपल्या घरीही करून बघा: आरतीला काठ्यांनी वाजवतात त्या शामेळाच्या कातड्यावर तांदळाचे चार दाणे टाका आणि काठीने वाजवा, दाणे नाचतील. पण क्लाडनीच्या पत्र्याचा आकार बदलला, तो धरायची जागा बदलली की नक्षीही बदलते. एका सुराची ठरलेली अशी एकच आकृती नसते.

सूर्याचं थोडक्यात. सूर्याचा पृष्ठभाग साधारण पाच मिनिटांच्या लयीत स्पंदतो, हे खरं. पण मधल्या अवकाशात आवाज पोचवणारी हवा नाही, आणि ती लय आपल्या कानाच्या कक्षेच्या हजारो पटींनी खाली आहे. सूर्याचं निरीक्षण करणाऱ्या सोहो यानाच्या मोजमापांवरून शास्त्रज्ञांनी ती ४२ हजार पटींनी वेगवान केली तेव्हा एक गुणगुण ऐकू आली. तिच्यात ॐ आपण ऐकतो.

हे सगळं मावशीला दोन संध्याकाळी बसून सांगितलं. गोळी पुन्हा सुरू आहे, काल दाब १४८/८८ होता. ऑडिओ तिने स्वतःच पुसली. मग थोडा वेळ गप्प राहून विचारलं, “पुता, मागीर हांवेंच म्हळें जाल्यार?” (बाळा, मग मीच ॐ म्हटला तर?) म्हण ना, मी म्हटलं, पण आधी गोळी घे. तिने गोळी घेतली, पाणी प्यायली आणि दिव्यासमोर बसली.