क्लीनर रॅस घरच्या टाकीत सोडायला सांगणाऱ्या मेसेजबद्दल

निळसर अंगावर तोंडापासून शेपटीपर्यंत रुंदावत जाणारा काळा पट्टा असलेला क्लीनर रॅस नावाचा बोटाएवढा मासा एका धिप्पाड गोब्र्याच्या उघड्या जबड्यात शिरतो आणि सुखरूप बाहेर येतो, असा व्हिडिओ व्हॉट्सॲपवर फिरतोय. त्याखालचा मजकूर साधारण असा: ‘हा समुद्रातला डॉक्टर. काहीही न घेता सेवा करतो, म्हणून मोठे शिकारी मासेही याला खात नाहीत. घरच्या टाकीत एक सोडा. टाकी स्वच्छ राहील आणि माशांवरचे पांढरे ठिपके औषधाशिवाय जातील.’ व्हिडिओत दिसतं ते खरं आहे. मजकुरात मात्र चुका आहेत, आणि शेवटचा सल्ला तर या माशाच्या जिवावर उठणारा आहे.

‘काहीही न घेता’ हे आधी घेऊ. क्लीनर रॅस जेवायला आलेला असतो. इतर माशांच्या अंगावर आणि कल्ल्यांत रक्त पिणारे नॅथिइड नावाचे बारीक परजीवी असतात, ते तो वेचून खातो. ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरिअर रीफ या प्रवाळपट्ट्यावर लिझार्ड बेटापाशी संशोधक ॲलेक्झांड्रा ग्रटर यांनी १९९६ मध्ये याची मोजदाद प्रसिद्ध केली: एक मासा दिवसाला सरासरी सुमारे १,२०० परजीवी खातो आणि त्यासाठी दोन हजारांहून जास्त वेळा गिऱ्हाइकं, म्हणजे अंग साफ करून घ्यायला आलेले मासे, तपासतो.

पण त्याला परजीवीपेक्षाही जास्त आवडतो तो माशाच्या अंगावरचा चिकट थर. ग्रटर आणि रेडुआन बशारी यांनी २००३ मध्ये हे प्रयोगातून दाखवलं. हा थर माशाचं संरक्षण करतो, त्यामुळे तो ओरबाडणं ही सरळ फसवणूक. चावा बसला की गिऱ्हाईक अंग झटकतं. तिथलाच रहिवासी मासा असेल तर तो चिडून क्लीनरच्या मागे लागतो. लांब फिरणारा असेल तर पुढच्या वेळी दुसऱ्या क्लीनरकडे जातो. आसपास थांबलेली गिऱ्हाइकंही बघत असतात, आणि कोणी बघत असेल तेव्हा क्लीनर जास्त सचोटीने वागतो, हे २००६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत दिसलं.

सर्वात बोलका प्रयोग २०१० चा. नर आणि मादी एकत्र काम करत असताना गिऱ्हाइकाच्या जागी प्लास्टिकची पाटी ठेवली. तिच्यावर साधं खाणं आणि आवडती कोळंबी. कोणीही कोळंबीला तोंड लावलं की पाटी काढून घ्यायची. मादीने कोळंबी खाल्ली की नर तिच्या मागे धावायचा, आणि त्यानंतर ती कोळंबी कमी खायची. गिऱ्हाईक गेलं की नराचंही जेवण बुडतं, म्हणून तो तिला आवर घालतो. निःस्वार्थ सेवेच्या गोष्टीपेक्षा मला हे कितीतरी मोलाचं वाटतं: एवढ्याशा माशांनी एकमेकांवर ठेवलेला वचक, आणि त्यावर चाललेला अख्ख्या प्रवाळाचा व्यवहार.

‘शिकारी मासे खात नाहीत’ हे बरंचसं खरं आहे. त्याचं एक कारण क्लीनरच्याच वागण्यात आहे. शिकारी माशाशी तो फसवणूक टाळतो आणि पोटाखालच्या परांनी त्याच्या अंगाला हलकेच मालिश करतो. २०११ च्या एका प्रयोगात सर्जनफिशला क्लीनरच्या हलत्या प्रतिकृतीकडून असं मालिश मिळालं, तेव्हा त्याच्या रक्तातलं ताण दाखवणारं कॉर्टिसॉल घटलं. अंदमान किंवा लक्षद्वीपला डायव्हिंगला जाल तर हे नक्की बघा. मात्र तोंड नीट बघा: ते नाकाडाच्या टोकाला नसून खालच्या बाजूला असेल, तर तो क्लीनरसारखा दिसणारा ब्लेनी जातीचा तोतया. तो माशांच्या परांचे लचके तोडतो.

आता टाकी. आपल्याकडे घरात टाकी असते ती बहुतेक वेळा गोड्या पाण्याची, गोल्डफिश नाहीतर गप्पींची. हा खाऱ्या पाण्याचा मासा, तिथे मरणारच. खाऱ्या पाण्याची टाकी असली तरी तो काचेवरचं शेवाळ खात नाही की तळाचा गाळ उचलत नाही. पांढरे ठिपके एका एकपेशीय परजीवीमुळे येतात. तो माशाच्या त्वचेच्या आत दडून वाढतो, मग गळून पडतो आणि टाकीच्या तळाशी त्याची संख्या वाढते. क्लीनर ठेवून हे चक्र तुटत नाही.

आणि खाणार काय? प्रवाळावर दिवसभर गिऱ्हाइकांची रीघ, इथे पाच-सहा मासे. परजीवी संपले की तो त्याच माशांचा चिकट थर ओरबाडत राहतो, आणि त्यांना दुसरीकडे जायची सोयच नसते. काही क्लीनर गोठवलेलं खाणं शिकतात, पण बरेच खंगून मरतात. बाजारात येणारे क्लीनर जवळजवळ सगळे समुद्रातून पकडलेले असतात. लिझार्ड बेटावरच काही छोट्या प्रवाळांवरून साडेआठ वर्षं क्लीनर काढून टाकत राहिले, तेव्हा तिथे राहणारे मासे ३७ टक्क्यांनी आणि त्यांच्या जाती २३ टक्क्यांनी कमी भरल्या.

ठिपके दिसले तर आजारी मासे वेगळ्या टाकीत हलवून तिथे औषध द्या आणि मूळ टाकी कित्येक आठवडे माशांविना चालू ठेवा. साफसफाई करणारा मासा पाळायचीच हौस असेल तर कॅरिबियन भागातला निऑन गोबी टाकीत पैदास केलेला मिळतो आणि तयार खाणंही खातो. दुकानात क्लीनर रॅस दिसला तर विकत घेऊ नका, आणि हा मेसेज ग्रुपवर आला तर त्याखाली हे लिहा.