‘रक्तातच असावं लागतं’ म्हणे! एका लेझीमवाल्याचं उत्तर

आमच्या गल्लीच्या ग्रुपवर परवा तो मेसेज परत आला. तुम्हालाही आला असणार, खाली हात जोडलेले आणि ‘जास्तीत जास्त शेअर करा’. त्यात थोडक्यात असं आहे: संगीत रक्तात असावं लागतं आणि सात वर्षांच्या आत सुरू नाही केलं तर विसरा, कुठलीही गोष्ट दहा हजार तास केली की माणूस उस्ताद होतो, बाळाला मोझार्ट ऐकवा, हुशार निघतं, माणूस मूळचाच स्वार्थी, न्यूयॉर्कला ३८ जणांनी खिडकीतनं खून बघितला पण एकजण हलला नाही, समाज म्हणजे शिडीखालची पाच माकडं, आणि शेवटी, २१ दिवसांत कुठलीही सवय लागते.

आता पहिले दोन मुद्देच एकमेकांच्या नरडीला लागलेत हे तरी पाठवणाऱ्यानं बघायचं की. रक्तात असेल तर दहा हजार तास कशाला घासायचं, आणि तासांनी येत असेल तर रक्त कशाला काढता मधी?

मी डॉक्टर नाही, प्रोफेसर नाही. बारा-तेरा वर्षं झाली मंडळाची लेझीम बसवतोय, गणपतीच्या आधी महिनाभर रोज रात्री साडेनऊला हलगी सुरू होते ती अकरापर्यंत, आणि सोलापुरात लेझीम म्हणजे काय हे बाहेरच्याला सांगून कळत नाही, मिरवणुकीत येऊन बघावं लागतं. शिवाय चव्वेचाळिसाव्या वर्षी पेटी शिकायला लागलो. त्यामुळं हा मेसेज जरा अंगाला लागला, म्हणून वाचत बसलो.

तर रक्ताचं. दरवर्षी सरावाला दोन-तीन पोरं अशी येतात की सगळ्यांचा उजवा पाय तर ह्यांचा डावा. बाकीचे लगेच म्हणतात, ह्याच्यात तालच नाही बे, काढ ह्याला. मी काढत नाही, दोन पक्क्या पोरांच्या मधी उभा करतो, हलगी जवळ येईल अशा बाजूला. पंधरा-वीस दिवसांत बहुतेकांचा पाय जागेवर येतो, फार भारी नाही खेळत पण ओळ मोडत नाहीत. सूर कळतच नाही अशी माणसं जगात आहेत, खोटं नाही, त्याला अम्युझिया म्हणतात, पण २०१७ च्या एका मोठ्या पाहणीत ते प्रमाण साधारण दीड टक्का निघालं. शंभरात एक-दोन. आणि इथं घरटी एकजण सांगतो की आमच्या गळ्यात सूरच नाही. बेसूर गाणाऱ्या बऱ्याच जणांना सूर ऐकू नीट येतो, गळा तिथं नेता येत नाही एवढंच, आणि तो नेण्याचीच तर शिकवणी असते.

सात वर्षांचं मात्र अगदीच हवेतनं आलेलं नाही. नुसता एक स्वर ऐकला की तो कुठला हे कशाचाही आधार न घेता सांगणारी काही माणसं असतात, आणि त्यातली बहुतेक सहा-सात वर्षांच्या आतच शिकायला लागलेली असतात, हे खरंय. लहानपणी सुरू केलेल्यांचा ठेक्याचा नेमकेपणाही जरा जास्त असतो. पण बाबांनो, आपल्याकडं सा हलता आहे, ज्याच्या गळ्याला पेटीची जी पट्टी सोसेल तिथं! कुणाचा काळी एक, कुणाचा काळी चार, कुणाचा पांढरी पाच, तंबोरा लावा आणि तिथनं पुढं चाला. तो स्वर ओळखायची कला नसली म्हणून कुठल्या भजनी मंडळाचं काही अडलंय? पंढरपूर आमच्याच जिल्ह्यात, तिथं येणाऱ्या दिंड्यांमधी टाळ धरणाऱ्या किती जणांना कुणी सातव्या वर्षाआधी क्लास लावला होता ते विचारा. आणि २००७ साली ६० ते ८५ वयाच्या माणसांना सहा महिने पियानो शिकवून बघितलेला अभ्यास आहे, शिकले की, वर काही मेंदूच्या चाचण्यांमधीही त्यांचे मार्क वाढले.

आता दहा हजार तासांचं. हा आकडा १९९३ च्या बर्लिनमधल्या व्हायोलिन शिकणाऱ्या विद्यार्थ्यांच्या अभ्यासातनं आला, करणारा अँडर्स एरिक्सन नावाचा मानसशास्त्रज्ञ. सगळ्यात चांगल्या गटातल्या दहा जणांच्या विसाव्या वर्षापर्यंतच्या रियाजाची सरासरी दहा हजारांच्या आसपास. सरासरी! म्हणजे काहीजण त्याच्या बरेच खाली होते तरी त्याच गटात होते. २००८ मधी माल्कम ग्लॅडवेल नावाच्या लेखकानं पुस्तकात त्याचा नियम केला आणि तो जगभर झाला, खुद्द एरिक्सन नंतर सांगत राहिला की मी असं म्हणालो नव्हतो, नुसते तास नव्हे, चुका दाखवणारा कुणी समोर पाहिजे आणि जिथं अडतंय तेवढंच घोटायला पाहिजे. २०१४ मधी बरेच अभ्यास एकत्र करून बघितलं तर संगीतात माणसामाणसातल्या फरकाचा २१ टक्के भाग रियाजानं समजतो असं निघालं. कमी नाही, पण सगळं तर अजिबात नाही.

इथं रक्तवाले खूश होतील, तर त्यांच्यासाठी अजून एक देतो, लपवत नाही. त्याच वर्षी स्वीडनमधल्या दहा हजारांवर जुळ्यांचा अभ्यास आला. त्यात असं दिसलं की एकसारख्या जुळ्यांपैकी एकानं जास्त रियाज केला म्हणून त्याचा कान दुसऱ्यापेक्षा जास्त तयार नव्हता, आणि कोण किती रियाज करतो ह्याच्यातही वारशाचा बराच हात आहे. म्हणजे पेटीसमोर बसून राहायची चिकाटीसुद्धा थोडी घरातनं येते. मी हे वाचून दोन दिवस गप्प होतो खरं सांगायचं तर. मग परत वाचलं, तर त्यांनी तपासलं होतं ते दोन सूर, दोन चाली, दोन ठेके ह्यातला फरक ओळखता येतो का एवढंच. वाजवता येतं का हे त्या चाचणीत नव्हतंच. कान आणि हात वेगळे ओ. ज्याला यमन आणि भूप हे राग ऐकून पटकन ओळखता येतात त्याच्या हातात पेटी द्या एकदा.

आमच्या सोलापूरच्या सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या जत्रेत मिरवतात ते सात नंदीध्वज घ्या ना. मान वारसानं येतो, मान्य. पण संक्रांतीच्या आधी एवढा उंच ध्वज धरून चालायचा सराव सगळ्यांना करावाच लागतो, मानकऱ्याच्या घरात जन्मलो म्हणून तोल आपोआप येत नाही, आणि आजूबाजूला सावरणारे हात नसतील तर पुढं एक पाऊल टाकायची कुणाची छाती नाही.

मोझार्टवर वेळ घालवत नाही. १९९३ चा प्रयोग, ३६ कॉलेजची पोरं, कागद घडी घालून कापल्यावर कसा दिसेल असल्या कोड्यात दहा-पंधरा मिनिटं जरा बरे मार्क. बाळं नव्हतीच त्यात! तरी १९९८ मधी अमेरिकेत जॉर्जियाच्या गव्हर्नरनं जन्मलेल्या प्रत्येक बाळाला सीडी द्यायला सरकारी पैसे मागितले होते. पोराला गाणं ऐकवा, चांगलंय ते, पण गाणं म्हणून ऐकवा.

आता स्वार्थाचं, ह्याच्यावर मला जास्त बोलायचंय. न्यूयॉर्कची ती घटना १३ मार्च १९६४ ची, किटी जेनोवीज नावाच्या तरुणीचा पहाटे खून झाला. ३८ साक्षीदारांची बातमी ज्या पेपरनं छापली त्याच पेपरनं २०१६ मधी लिहिलं की आमची बातमी चुकीची होती, साक्षीदारांची संख्याही फुगवलेली आणि त्यांनी काय बघितलं तेही. एकजण खिडकीतनं ओरडला होता, आणि एक शेजारीण जिन्यावरनं धावत खाली गेली, मारेकरी तिथंच आहे का गेलाय हे माहीत नसताना, आणि ॲम्ब्युलन्स येईपर्यंत किटीला धरून बसली. ही बाई फॉरवर्डमधी कधीच येत नाही.

त्या बातमीवरनं १९६८ मधी प्रयोग झाले आणि ते खरे आहेत: कुणालातरी फिट आलीय असं ऐकू आल्यावर, फक्त आपणच ऐकतोय असं वाटणारे ८५ टक्के मदतीला उठले, अजून चारजण ऐकतायत असं वाटणारे ३१ टक्के. पण त्यात दुसरे नुसते असल्याचं सांगितलं होतं, दिसत कुणी नव्हतं. नंतर ॲमस्टरडॅम, लँकेस्टर आणि केप टाऊन इथल्या रस्त्यावरच्या कॅमेऱ्यांतली २१९ खरी भांडणं तपासली, तर दहातल्या नऊ वेळा कुणीतरी मधी पडलं होतं, आणि लोक जेवढे जास्त तेवढी कुणीतरी पडायची शक्यता जास्त. आमच्या नव्या पेठेत स्कूटर घसरली तर काय होतं ते आठवा, उचलायला सहाजण आणि सल्ला द्यायला साठ.

म्हणजे माणूस देवमाणूस आहे असं नव्हे. आमच्याकडं नळाला पाणी रोज येत नाही. एकानं नळाला मोटर लावली की पुढच्या घराला धार येत नाही, मग तो लावतो, मग तिसरा, तासाभरात सगळी गल्ली मोटरवर. ह्याच लोकांची भिशी मात्र वर्षानुवर्षं चालू आहे, ज्याचा नंबर आधी लागला तोसुद्धा शेवटच्या महिन्यापर्यंत पैसे भरतो. माणसं तीच, रक्त तेच! झुरिचच्या अभ्यासकांनी पैशाचा असाच एक खेळ खेळवला होता, सगळ्यांच्या सामायिक गल्ल्यात कोण किती टाकतो ते बघायचा, त्यात साधारण निम्मे लोक ‘बाकीचे देत असतील तर मीही देतो’ ह्या जातीचे निघाले आणि साधारण तीस टक्के फुकटे. आणि फुकट्याला स्वतःच्या खिशातनं पैसे घालून दंड करायची सोय दिली की सगळ्यांचं देणं वाढतं, सोय नसेल तर फेरीगणिक घटत जातं. भिशीत कोण भरलं कोण नाही हे सगळ्यांना दिसतं, चुकलं तर तोंड दाखवायची सोय राहत नाही. मोटर भिंतीआड असते. एलिनॉर ऑस्ट्रॉमना २००९ चं अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं ते ह्याच कामासाठी, सामायिक पाणी, कुरणं, जंगल लोक आपले आपण नियम करून कसे टिकवतात ह्याच्यावर. धुळ्या-नाशकाकडच्या फड पद्धतीत शेतकरी शतकानुशतकं पाणी वाटून घेत आलेत, त्यांनाही कुणीतरी ‘माणूस मूळचा स्वार्थी’ पाठवा.

माकडांची गोष्ट तर झालेलीच नाही. पाच माकडं, शिडी, केळी, गार पाणी, वर जाणाऱ्याला बाकीचे मारतात, एकेक माकड बदलत नेतात, असला प्रयोग कुणी छापलेला नाही, १९९४ च्या एका मॅनेजमेंटच्या पुस्तकातनं ती पसरली. जवळात जवळचं म्हणजे १९६७ चं काम, त्यात माकडं जोडीनं होती, एका वस्तूला हात लावला की हवेचा झोत, आणि एका शिकलेल्या माकडानं नवख्याला ओढून बाजूला केलं. शिडी नाही, केळं नाही, मारामारी नाही.

आणि गंमत म्हणजे न समजता नक्कल करण्यात माकडांपेक्षा आपली पोरं पुढं आहेत. २००५ च्या प्रयोगात एका डब्यातनं खाऊ काढायची रीत दाखवली, त्यात काही कृती उगीचच्या. डबा पारदर्शक केल्यावर चिंपांझींनी उगीचच्या कृती सोडल्या, तीन-चार वर्षांची पोरं तरीही सगळं जसंच्या तसं करत राहिली. फॉरवर्डवाल्याला हा मूर्खपणा वाटेल, पण लेझीमचा डाव असाच बसतो ओ! आधी बोल पाठ, पाय पाठ, असं का ते तिसऱ्या वर्षी कळतं. प्रत्येकजण आधी ‘ह्याची गरज काय’ विचारत बसला असता तर तबला एका पिढीत संपला असता. आणि सोबत करण्याचा अजून एक फायदा: २०१० मधी चार वर्षांच्या मुलांच्या जोड्यांवर केलेल्या प्रयोगात, ज्या जोड्या एकत्र गात-वाजवत खेळल्या त्यांनी नंतर एकमेकांना जास्त मदत केली. सराव संपल्यावर आमची पोरं सांगायच्या आधीच लेझमा गोळा करून पोत्यात भरतात, आणि हीच पोरं घरात पाण्याचा तांब्या उचलत नाहीत अशी आयांची तक्रार.

राहिले २१ दिवस. मॅक्सवेल माल्ट्झ नावाच्या प्लास्टिक सर्जननं १९६० मधी लिहिलं की ऑपरेशननंतर पेशंटला नव्या चेहऱ्याची सवय व्हायला निदान २१ दिवस तरी लागतात. निदान! लंडनमधी ९६ जणांवर मोजून बघितलं तेव्हा सवय अंगवळणी पडायला सरासरी ६६ दिवस आले, कुणाला १८, कुणाला २५४. माझी पेटी सुरू होऊन चौदा महिने झाले, २५४ कधीच मागं पडले, तरी रोज संध्याकाळी खोका उघडायचा कंटाळा येतोच. उघडतो ते सोमवारी आणि गुरुवारी क्लासला बाकीचे तिघं येऊन बसलेले असतात म्हणून, आणि त्यातल्या एक आजी एकाहत्तर वर्षांच्या आहेत, माझा कोमल निषाद चुकला की हसतात.