बेळगावला ‘एकच प्राधिकरण’ आणा म्हणणाऱ्यांना

सध्या बेळगावच्या ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. त्याचं सार असं: नगरसेवकांची भांडणं पुरे झाली. महापालिका, बुडा (बेळगावचं नगरविकास प्राधिकरण), भोवतालच्या ग्रामपंचायती सगळं मोडून एकच महानगर प्राधिकरण करा, वर एक आयएएस अधिकारी बसवा. पुणे-बेंगळुरूनं तेच केलं. गावं शहरात आली की सोयी आपोआप येतील. आणि यात भाषा आणू नका.

आमच्या भावकीतल्या चांगल्या शिकलेल्या मंडळींनीही तो पुढे पाठवला, म्हणून हे लिहितोय.

नगरसेवकांमुळे शहर अडलं म्हणता, तर तारखा बघा. मार्च २०१९ मध्ये सभागृहाची मुदत संपली. निवडणूक झाली सप्टेंबर २०२१ मध्ये, आणि महापौरपद भरलं फेब्रुवारी २०२३ मध्ये. म्हणजे जवळजवळ चार वर्षं कारभार अधिकाऱ्यांच्याच हाती होता. त्याआधी २००५ मध्ये महाराष्ट्रात विलीन होण्याचा ठराव केला म्हणून, आणि पुन्हा २०११ मध्ये, सरकारनं पालिका बरखास्त केली. तेव्हाही प्रशासकच होता. मेसेजमध्ये मागितलेला प्रयोग तीनदा होऊन गेलाय. त्या काळात तुमच्या गल्लीत काय सुधारलं, ते प्रत्येकानं आपल्या दारात उभं राहून आठवावं. नगरसेवक भांडतात हे खरं आहे, मी प्रेक्षक गॅलरीत बसून पाहिलंय. पण निदान तिथे बसून पाहता तरी येतं.

शिवाय शहर त्या ५८ नगरसेवकांच्या हातात आहेच किती? जमिनीचा आराखडा बुडा करते, १९८७ च्या कायद्यानं, आणि तिचा अध्यक्ष सरकार नेमतं. स्मार्ट सिटीत आपलं नाव जानेवारी २०१६ मध्ये पहिल्या वीस शहरांत आलं, पण त्यासाठी वेगळी कंपनी काढली. वीज हेस्कॉम या सरकारी कंपनीची, बसचं मुख्यालय हुबळीला. कॅम्पचा कारभार तर संरक्षण खात्याच्या कँटोन्मेंट बोर्डाकडे. म्हणजे लोकांनी न निवडलेल्या संस्थांची आपल्याकडे टंचाई नाही.

आता पुणे-बेंगळुरू. बेंगळुरूची एकच मोठी महापालिका २००७ मध्ये झाली. सप्टेंबर २०२० मध्ये तिच्या सभागृहाची मुदत संपली आणि पुढची पाच वर्षं तिथे निवडणूकच झाली नाही. शेवटी सप्टेंबर २०२५ मध्ये तिच्याच पाच महापालिका केल्या. वर प्राधिकरण आलं हे खरं, पण एका हातात एवढं शहर पेलत नाही हे कबूल करूनच. पुण्यात पीएमआरडीए हे महानगर प्राधिकरण २०१५ पासून आहे, पण त्यासाठी पुणे आणि पिंपरी-चिंचवड महापालिका कुणी मोडल्या नाहीत.

गावांचं उत्तरही पुण्यातच मिळतं. २०१७ मध्ये ११ गावं शहरात घेतली, त्यात फुरसुंगी आणि उरुळी देवाची होती. कर शहराचा आणि सोयी गावच्याच, अशी ओरड झाली आणि २०२४ मध्ये त्या दोन गावांची वेगळी नगरपरिषद करावी लागली. आपल्याकडे तुरमुरी गावाला विचारा. बेळगावचा कचरा वर्षानुवर्षं तिथे जातोय आणि तुरमुरीकरांना बेळगावात मत नाही. प्राधिकरण आलं तर कचरा तिथेच राहील आणि ज्या ग्रामपंचायतीत उठून बोलता येतं, तीही जाईल.

मेसेजमधली एक गोष्ट मात्र मला मान्य आहे. शहर आणि गाव यांचा मिळून विचार व्हायला हवा. बळ्ळारी नाल्याएवढा दाखला दुसरा नाही. शहराचं सांडपाणी घेऊन तो शहापूर, वडगाव, अनगोळच्या शिवारातून जातो. जुलैत पाऊस लागला की गाळानं आणि जलपर्णीनं तुंबलेला नाला भातात शिरतो. बांध दिसत नाही, नुसतं तपकिरी पाणी. चार-सहा दिवसांनी ओसरलं की रोप हातात घ्यावं तर बुडखा लिबलिबीत आणि वास कुजका. मग रोपं शोधत फिरायचं, पुन्हा लावणी, पुन्हा मजुरी. ही बासमतीची जमीन आहे. नाल्याला हद्द कळत नाही, हे आम्हा शेतकऱ्यांना कुणी शिकवायला नको.

पण त्यासाठीची सोय घटनेत १९९२ च्या ७४ व्या दुरुस्तीपासून आहे. दहा लाखांवरच्या वस्तीला महानगर नियोजन समिती, तिच्यात किमान दोन-तृतीयांश सदस्य निवडून आलेल्यांनी आपल्यातून निवडलेले. बेळगाव २०११ च्या जनगणनेत उपनगरांसह सहा लाखांच्या घरात होतं, म्हणून आपल्याला लागू होते ती जिल्हा नियोजन समिती. तिच्यात तर असे सदस्य चार-पंचमांश हवेत. जिल्हा पंचायतीची मुदत २०२१ मध्ये संपली आणि निवडणूक वर्षानुवर्षं लांबवली. सदस्यच नसतील तर समितीत बसणार कोण? नाल्याचा प्रश्न मांडायची जागा तिथे अडलीय. मागायचीच असेल तर ती निवडणूक मागा.

राहिली भाषा, जी यात आणू नका म्हणता. आमच्या आत्तीला मागे घरपट्टीची नोटीस आली, सगळी कानडीत. आत्ती मराठी चौथी शिकलेली. तिला आकडा तेवढा कळला आणि तो पाहून तिनं रात्री जेवण टाकलं. सकाळी पदराखाली कागद धरून ती गल्लीच्या टोकाला नगरसेवकाच्या घरी गेली. तो तिच्या मताचा नव्हे, तिनं त्याला मतही दिलं नव्हतं. त्यानं ओट्यावर बसवून ओळ न् ओळ वाचून मराठीत सांगितली. पत्र्याची गोठ्याची पडवी स्लॅबच्या घरात धरली होती. त्यानं तिथूनच फोन लावला. चार दिवसांनी टेप घेऊन माणूस आला, आणि आत्तीनं टेपचं दुसरं टोक स्वतः धरून त्याच्याकडून पडवी वेगळी लिहून घेतली.