निकाल लागला, पुढे गेटच्या आत कोण जाणार?

एखाद्या कारखान्याचं प्रदूषण कोर्टात गेलं की आपल्याकडे लगेच दोन तट पडतात. एक म्हणतो बंद करा, दुसरा म्हणतो आमच्या पोटावर पाय देऊ नका. मी एमआयडीसीला लागून असलेल्या वस्तीत वाढलो, त्यामुळे दोन्हीकडची माणसं माझीच आहेत.

आमच्या शेजारचे काका ईटीपीवर, म्हणजे कारखान्याचं सांडपाणी शुद्ध करणाऱ्या यंत्रणेवर, ऑपरेटर होते. प्रदूषण नियंत्रण बोर्डाचे साहेब येणार असले की आदल्या दिवशीच निरोप यायचा आणि एरेटर, म्हणजे सांडपाण्यात हवा मिसळणारी यंत्रं, सुरू व्हायची. एरवी वीजबिल वाचवायला बंद. सांडपाणी तसंच रात्री ओढ्यात. काकांना सगळं कळायचं, पण त्यांना कधी कुणी विचारलंच नाही.

म्हणून दिल्लीतल्या श्रीराम कारखान्याचा आदेश मला फार मोलाचा वाटतो. ४ डिसेंबर १९८५ला तिथून ओलियम, म्हणजे अतितीव्र गंधकाम्लाचा वायू, गळला. भोपाळला तेव्हा जेमतेम वर्ष झालं होतं. बंद ठेवला तर सुमारे ४,००० कामगार रस्त्यावर येणार, चालू ठेवला तर भोवतालच्या दाट वस्तीला धोका. सुप्रीम कोर्टाने फेब्रुवारी १९८६मध्ये क्लोरीनचा प्लांट सुरू करायला परवानगी दिली, पण अटी घालून.

त्या अटी वाचण्यासारख्या आहेत. तज्ज्ञांच्या समितीने दर पंधरवड्याला पाहणी करायची. फॅक्टरी इन्स्पेक्टरने आठवड्यातून एकदा, आगाऊ न कळवता जायचं. प्रत्येक सुरक्षा यंत्रणेसाठी एकेक ऑपरेटर नेमून द्यायचा. दोन्ही कामगार संघटनांच्या प्रतिनिधींची सुरक्षा समिती करायची. क्लोरीनने शरीरावर काय होतं आणि उपचार काय, याचा तक्ता इंग्रजीत आणि हिंदीत लावायचा. गळती होऊन कुणी मेलं किंवा जखमी झालं तर भरपाईची जबाबदारी आपली वैयक्तिक, असं चेअरमन आणि एमडींनी लिहून द्यायचं. वर २० लाख रुपये कोर्टात अनामत. 'न कळवता' हा शब्द वाचला तेव्हा मला आमचे काकाच आठवले.

उलट राजस्थानात उदयपूरजवळच्या बिछडीत काय झालं बघा. तिथे एच-अ‍ॅसिड हे रंग बनवायला लागणारं रसायन तयार व्हायचं. १९८९पर्यंत ते उत्पादन थांबलंही होतं, पण गाळ तिथेच पडून होता आणि विहिरींचं पाणी लालसर झालं होतं. गाळ उचलायला सांगितलं तर तपासणी पथकाला दिसू नये म्हणून तो पसरून वर माती टाकली गेली. हे मी म्हणत नाही, कोर्टानेच १९९६च्या निकालात नोंदवलंय. पुढे स्वच्छतेचा खर्च ३७ कोटींच्या वर काढला गेला. अर्जांमागून अर्ज पडत राहिले आणि २०११मध्ये कोर्टाला ती रक्कम चक्रवाढ व्याजासह भरा म्हणून पुन्हा बजावावं लागलं. 'बंद करा' म्हणणाऱ्या माझ्या मित्रांनी हे प्रकरण जरूर वाचावं. टाळं लागलं म्हणून विहीर साफ होत नाही.

तमिळनाडूतल्या थूथुकुडीच्या तांब्याच्या कारखान्याचं, स्टरलाइटचं, सगळ्यांना ठाऊक आहे. २०१३मध्ये सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचा बंदीचा आदेश रद्द करून १०० कोटींची भरपाई भरायला लावली. पाचच वर्षांत लोक कारखान्याच्या प्रदूषणाविरुद्ध रस्त्यावर आले, मे २०१८मध्ये पोलिसांच्या गोळीबारात १३ जण गेले. १०० कोटी भरून लोकांची खात्री पटत नाही. आत काय चाललंय ते आपल्या माणसाला दिसलं, तर कदाचित पटते.

कोर्टानेच सगळ्या कारखान्यांवर नजर ठेवावी असं मी अजिबात म्हणत नाही. ते काम बोर्डाचं. कारखाना बंद करायची क्लोजर नोटीस काढायचा, वीज-पाणी तोडायला लावायचा अधिकार कायद्याने बोर्डाला आहेच. तरी ईटीपी चालत नसेल तर वीज तोडा, हे २०१७मध्ये सुप्रीम कोर्टाला सांगावं लागलं. त्यात २०२४च्या दुरुस्तीने जलप्रदूषण कायद्यातल्या बऱ्याच गुन्ह्यांची कैद काढून १० हजार ते १५ लाखांचा दंड ठेवलाय. मोठ्या कंपनीला १५ लाख म्हणजे काय हो? तुरुंगाची भीती कमी करायची असेल, तर अचानक तपासणी तरी वाढायला हवी होती.

माझं मागणं साधं आहे. कन्सेंटमधल्या, म्हणजे बोर्डाच्या परवानगीतल्या, आणि कोर्टाच्या सगळ्या अटी गेटवर मराठीत लावा, शेवटची तपासणी कधी झाली त्या तारखेसकट. तपासणीच्या वेळी ईटीपीवरचा ऑपरेटर आणि शेजारच्या वस्तीतले दोघे हजर असू द्या, आणि त्यांची सही घ्या. आमच्या काकांची सही घेतली असती, तर तो ओढा असा काळा झाला नसता.